काकींचं दाभण

आभाराचं पान काकी आधी वाचायच्या. प्रबंध भौतिकशास्त्राचा असो, अर्थशास्त्राचा असो, की कुणा होतकरू कवीची चोपडी असो, गठ्ठा हातात आला की अंगठ्याला थुंकी लावून त्या थेट आभारापाशी जायच्या. इंग्रजीत असेल तर ज्याचं त्याला मराठीत सांगायला लावायच्या. मार्गदर्शक, विभागप्रमुख, आईवडील, जिवलग मित्र अशी सगळी वरात शांतपणे पुढे जाऊ द्यायच्या आणि मग विचारायच्या, "आन मेसवाली?"

"मेसवाली?"

"चार वरसं कुणाच्या हातचं जेवलास? का हवा खाऊन लिवलंस?"

मुलगा हसायचा. काकी हसायच्या नाहीत. गठ्ठा परत. वाद घालणारे घालायचे, पण अखेर वरच्या गल्लीत संगणकावर जाऊन ते पान नव्याने छापून आणायचे. लवळ्याच्या त्या रस्त्यावरच्या निदान चार-पाच मेसवाल्या बायकांची नावं आज ग्रंथालयांमध्ये काळ्या रेक्झिनच्या आत पडून आहेत, ती काकींमुळे. त्या बायकांना याचा पत्ताही नसेल.

काकींचं स्वतःचं नाव मी इथे लिहीत नाही. ते जिथे यायला हवं तिथे आलेलं आहे, आणि त्यावरून जे रामायण घडलं तेच मला सांगायचंय. काकी जाऊन आता दोन वर्षं झाली. दुकानात सुनेनं मोबाइलची कव्हरं लावली आहेत. तिला मी नावं ठेवत नाही, तिनंही पुष्कळ सोसलंय.

दुकान म्हणजे घराचीच पुढची खोली. टेकडीवरच्या कॉलेजांकडे जाणारा रस्ता दारावरूनच जायचा. एका बाजूला सुनेचं झेरॉक्स मशीन, दुसऱ्या बाजूला काकी जमिनीवर पाट घेऊन बसलेल्या. जवळ मैद्याच्या खळीचा डबा, त्यात कसर लागू नये म्हणून टाकलेलं मोरचूद, आणि हातात दाभण. माडीवर भाड्याच्या तीन खोल्या होत्या, त्यातल्या कोपऱ्यातल्या खोलीत मी चार वर्षं राहिले. माझी संस्था पुण्यात, पण काम ताम्हिणीकडच्या रानात. मध्ये कुठेतरी टेकायला हवं, म्हणून लवळे. तेव्हा मी अठ्ठावीस वर्षांची होते आणि आपल्याइतकं शहाणं मुळशी तालुक्यात कुणी नाही अशी माझी खात्री होती.

काकींचा नवरा पुण्यात एका छापखान्यात बाइंडर होता. रोज एसटीने जाऊन येऊन. शिलाईचं काम तो घरी आणायचा आणि ते करता करता काकी शिकल्या. तो गेला, मग शेत गेलं, टेकडीवर इमारती उभ्या राहिल्या, आणि पोरं गठ्ठे घेऊन हिंडताना दिसायला लागली तेव्हा काकींनी नवऱ्याची हत्यारं माळ्यावरून खाली काढली. स्वतः सातवीपर्यंत शिकलेल्या. स्पायरल बाइंडिंगचा त्यांना मनस्वी तिटकारा. "ते काय बांदनं हाय? भितीला टांगायचं क्यालेंडर हाय ते."

त्यांची कामाची रीत अशी होती की लेखकाने समोर बसायचं. गठ्ठा टाकून 'संध्याकाळी येतो' म्हणणाऱ्याला त्या हाकलून द्यायच्या. पानं ठोकून सारखी करायच्या, भोकं पाडायच्या, दाभणात जाड दोरा ओवायच्या आणि म्हणायच्या, "हां, सांग." मग शिलाई चालू असेपर्यंत त्याने आपण काय लिहिलं ते सांगायचं. मराठीत, नाही जमलं तर हिंदीत. केरळची पोरं काय बोलायची ते अर्धं मलाही कळायचं नाही, पण काकींचं दाभण चालत असायचं. टाके संपायच्या आधी सांगणाऱ्याचं सांगून संपलं तर त्या म्हणायच्या, "येवढंच? मंग येवढी पानं कशाला?" आणि ऐकता ऐकता मध्येच दाभण थांबलं, की समजावं, आपलं काहीतरी चुकलं.

शिलाई झाली, पुठ्ठा चढला, की शेवटचा कोरा कागद पुठ्ठ्याला चिकटवण्याआधी त्या पुठ्ठ्यावर पेन्सिलीने एक शब्द लिहायच्या आणि वरून खळ फासून कागद दाबून टाकायच्या. तो शब्द कुणाला दिसायचा नाही. शब्द तीनच होते. पाहून, ऐकून, घाबरून. म्हणजे हे पुस्तक कसं लिहिलंय त्याचा निकाल. बहुतेकांच्या नशिबी तिसरा शब्द यायचा, हे मला माहीत होतं, कारण मी रोज संध्याकाळी तिथे चहा प्यायला बसायचे.

एकदा मी माझं ज्ञान पाजळायला गेले. म्हटलं, "काकी, कादंबरीला आणि विज्ञानाला एकच माप कसं लावता तुम्ही? कादंबरी कल्पनेनं लिहितात, शास्त्र पुराव्यानं."

"ते तुमी कपाटवाल्यांनी केलंय," त्या म्हणाल्या. "ह्या कप्प्यात हे, त्या कप्प्यात ते. मला दोन्हीला टाका सारखाच घालावा लागतोय."

यावर बोलण्यासारखं माझ्याकडे पुष्कळ होतं, पण त्यांनी सुनेला आधण ठेवायला सांगितलं आणि विषय संपला.

एक बंगाली मुलगा आला होता. वाळूचा ढीग केव्हा घसरतो यावर त्याचं पाच वर्षांचं काम. हिंदीत फार गोड सांगत होता. ढीग वाढत जातो, वाढत जातो, एक कण जास्त पडतो आणि सगळं खाली. काकी रंगून ऐकत होत्या. मग म्हणाल्या, "वाळू कुटली घेतली? नदीची का खानीची?"

तो म्हणाला, वाळू घेतली नाही, संगणकावरच सगळं केलं.

दाभण थांबलं. काकी उठल्या, आत गेल्या आणि सुपात तांदूळ घेऊन आल्या. एका बाजूला जुना, एका बाजूला नवा. सूप हळूहळू तिरकं करत म्हणाल्या, "बघ. नवा चिकटून ऱ्हातो, एकदम पडतो. जुना सुटा सुटा घसरतो. तुज्या मशनीत नवा का जुना ते कसं कळतं?" तो मुलगा दुसऱ्या दिवशी कॅमेरा घेऊन आला आणि सकाळपासून दुपारपर्यंत ओसरीवर तांदूळ घसरवत बसला. काकींनी त्याला जेवू घातलं, वर त्याच तांदळाचा भात.

नेरे गावचा एक जण होता, शेजारीच हिंजवडीत नोकरीला. त्याने कादंबरी लिहिली होती. खून, पोलीस, बर्फ, सगळं परदेशातल्या कुठल्याशा शहरात घडणारं. स्वतः तिकडे कधी गेला नव्हता. काकींनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "नेऱ्यात कोन मरत न्हाई का?"

"आमच्या गावात काय आहे काकी लिहिण्यासारखं? सगळ्या सोसायट्या झाल्या."

"तुज्या आज्यानं जमीन दिली त्या मोजनीच्या दिवशी तुजी आजी बांदावर जाऊन बसली व्हती. मोजनीवालं आलं तरी उटंना. चौगांनी उचलून न्हेली तिला, पाटासकट. मी व्हते तितं, नात्यातल्या हायेत त्या आमच्या. ते लिही की."

तो गोरामोरा झाला. म्हणाला, ते नाही लिहिता यायचं, वडील वाचतील. काकींनी मुकाट्याने त्याची कादंबरी बांधून दिली. शब्द कुठला पडला ते सांगायला नको. त्याने मात्र घरी जाऊन कागद फाडून बघितला आणि आठ दिवसांनी भांडायला आला. काकी म्हणाल्या, "भांडायला आलास ना? मंग अजून जीव हाय तुज्यात." ती आजीची गोष्ट त्याने अजून लिहिलेली नाही. मला अधूनमधून भेटतो आणि लिहितोय म्हणून सांगतो.

'पाहून' हा शब्द मी फार थोड्यांच्या पुठ्ठ्यावर पडताना पाहिला. आसामची एक मुलगी होती, तिच्या नदीने गिळलेल्या शेतांवर लिहिणारी. तिच्या वेळी दाभण एकदाही थांबलं नाही. आणि वरच्या हॉस्टेलचा बिहारी वॉचमन. त्याने शाळेच्या वहीत भोजपुरी गाणी लिहिली होती, बहुतेक बायकोला सोडून आल्याची. काकींनी त्या वहीला प्रबंधासारखंच काळं रेक्झिन चढवलं आणि पाठीवर सोनेरी अक्षरांत त्याचं नाव घातलं. तो ती वही रात्रपाळीला खुर्चीखाली ठेवायचा.

आता माझी गोष्ट.

माझा प्रबंध देवराईवर होता. ताम्हिणीच्या अलीकडे एका गावाची देवराई आहे, तिला कधीही कुऱ्हाड लागलेली नाही अशी ख्याती. तसा फलकच आहे तिथे. शेजारचं रान अनेकदा तुटलेलं. न तुटलेल्या आणि तुटलेल्या रानातली माती आणि झाडं यांची तुलना, हे माझं काम. सगळा डोलारा त्या एका 'कधीही नाही' वर उभा. मे महिना संपत आलेला, प्रबंध द्यायला आठ दिवस उरलेले. कोकणातल्या एका कॉलेजात माझी नेमणूक ठरल्यात जमा होती, अट एकच, की प्रबंध सादर झाल्याचा कागद जूनमध्ये हजर करायचा. घरी आईने पेढे वाटून टाकले होते.

चार प्रतींचे गठ्ठे घेऊन मी जिना उतरले आणि पाटासमोर बसले. मेसवाली आभारात होती, काकीही होत्या. पहिल्या प्रतीचे पाच-सहा टाके झाले असतील, मी ऐटीत सांगत होते, आणि दाभण थांबलं.

"कुटली देवराई म्हनलीस?"

मी गावाचं नाव सांगितलं.

"ते माजं माहेर."

चार वर्षं मी त्यांच्या डोक्यावर राहत होते. झाडांचे घेर मोजत होते, म्हाताऱ्या माणसांच्या मुलाखती घ्यायला रानोमाळ हिंडत होते, आणि आपल्याच घरमालकिणीचं माहेर कुठलं हे मी कधी विचारलं नव्हतं. 'वर, घाटाकडं' एवढं ऐकलं होतं आणि तेवढ्यावर भागवलं होतं.

"अरे वा," मी म्हटलं. "मग तुम्हाला माहीतच असेल. तिथे कधीच कुऱ्हाड..."

"कुनी सांगितलं?"

"सगळ्या गावानं. त्या रानाची देखरेख करणारे आहेत ना, त्यांनी स्वतः फिरवलं मला पहिल्या वर्षी."

"तो माजा भाऊ," काकी म्हणाल्या. "खाली कोळसा घावला का?"

कोळसा सापडला होता. मातीसाठी खणलेल्या खड्ड्यांपैकी तीन खड्ड्यांत, वीतभर खाली, काळा थर. मी त्याची नोंदही केली होती आणि पुढे लिहिलं होतं, पूर्वीच्या वणव्याचे अवशेष. असल्या पावसाच्या सदाहरित रानात असा वणवा सहसा लागत नाही हे मला पुस्तकातूनही ठाऊक होतं आणि डोळ्यांनीही. पण वणवा म्हटलं की सगळं जुळत होतं.

"घावला," मी म्हटलं.

काकींनी दाभण उलटं फिरवलं, घातलेले टाके उसवले, आणि चारही गठ्ठे माझ्यापुढे सरकवले. "हे मी बांदनार न्हाई."

मी काय काय बोलले ते आठवून आजही लाज वाटते. तुमचं काम बांधायचं, तपासायचं नाही. सातवी शिकलेल्या बाईने मला शास्त्र शिकवू नये. सून मशीन बंद करून आत निघून गेली. काकी खळीचा डबा पुसत राहिल्या. मी पाय आपटत वर गेले आणि माझ्या मार्गदर्शक सरांना फोन लावला. सर वाईट माणूस नव्हेत, थकलेले होते. म्हणाले, "अगं, दुसरीकडे बांधून घे. पुण्यात काय दुकानांचा तुटवडा आहे?"

दुसऱ्या दिवशी मी गठ्ठे पिशवीत घालून पुण्याला निघाले. चांदणी चौकापर्यंत गेले आणि उतरून उलट्या दिशेची गाडी धरली. सद्बुद्धी वगैरे काही सुचली नव्हती. काकींना खोटं पाडायचं होतं. दोन दिवस मी देवराईत एकटी फिरले. आणि जे चार वर्षं माझ्या डोळ्यांसमोर होतं ते मला दिसायला लागलं. जिकडे तिकडे एकाच बुंध्यातून चार-चार, पाच-पाच खोडं वर आलेली. तुटलेलं झाड पुन्हा फुटतं तेव्हा असं वाढतं, हे पहिल्या वर्षाच्या पोरालाही शिकवतात. मी त्याला त्या जातीची वाढीची सवय म्हणून मोकळी झाले होते. उतारावर जागोजागी सपाट केलेले गोल तुकडे होते, पाचोळा सारला की खाली काळी भुकटी. भट्ट्यांच्या जागा. मी एका गोलात बसून रडले. नोकरीसाठी, आईच्या पेढ्यांसाठी, आणि आपण इतके आंधळे कसे म्हणून.

परत आले तेव्हा काकींनी आधी ताट वाढलं. जेवण झाल्यावर त्यांनी सांगितलं.

त्या नऊ-दहा वर्षांच्या होत्या. त्या साली भात हाती लागलं नाही. कोळशाचा ठेकेदार आला. देवराईचा मान काकींच्याच घराण्याकडे, त्यामुळे हो म्हणायचं ते त्यांच्या वडिलांनी. ते हो म्हणाले. पहिली कुऱ्हाडही त्यांनीच घातली. दुसऱ्या कुणाच्या हाताला पाप नको म्हणून. आख्खं रान गेलं, उरली ती देवळामागची पाच-सात झाडं. पुढच्या वर्षी सगळ्या गावाने देवासमोर शपथ घेतली की आता इथली काडी मोडायची नाही, आणि झाल्या गोष्टीचं नाव काढायचं नाही. दोन्ही शपथा पाळल्या गेल्या. रान पुन्हा उभं राहिलं आणि माणसं एकेक करून गेली. आता बाकीच्यांना खरंच वाटतं की तिथे कधी काही झालंच नाही.

"मंग तुमी का सांगताय?" मीही नकळत त्यांच्यासारखी बोलले.

"तोडलं हे बी लिही आन राखलं हे बी लिही," काकी म्हणाल्या. "तोडलेलं झाकलं, तर राखलेलं कसं कळंल? काय न करता उभं हाय म्हंत्यात लोकं. साठ वरसं राखलंय आमच्या गावानं."

मी प्रबंध दिला नाही. सहा महिन्यांची मुदत मागितली. कोकणातली नोकरी गेली, आई महिनाभर माझ्याशी धड बोलली नाही. सर चिडले. "बाईंच्या आठवणीवर प्रबंध उभा राहत नाही," म्हणाले.

"गावाच्या आठवणीवर राहिला होताच की, सर," मी म्हटलं. असं उलट बोलायची माझी पहिलीच वेळ. मग मी कोळशाचे नमुने, बुंध्यांची मोजमापं, भट्ट्यांच्या जागांचा नकाशा त्यांच्या टेबलावर ठेवला. नकाशा बघून झाल्यावर ते म्हणाले, "हे आधीच्यापेक्षा चांगलं आहे. पण त्या बाईंचं नाव घालू नकोस. त्यांना त्रास होईल."

मलाही ते पटलं. म्हणून मी लिहिलं, 'एका स्थानिक वृद्धेने दिलेल्या माहितीनुसार.' आणि बांधायला बसल्यावर काकींना ते प्रामाणिकपणे सांगितलं.

दाभण थांबलं.

"स्थानिक वृद्धा कोन?"

"तुम्ही. म्हणजे तुम्हाला त्रास नको म्हणून..."

"त्या पुस्तकात समद्यांची नावं हायेत. झाडांची हायेत, दोन दोन नावं हायेत एकेकाला. किड्याचं बी हाय. आन मी स्थानिक वृद्धा?" त्यांचा आवाज चढला तसा झेरॉक्स काढायला आलेली पोरं दारातच थांबली. "तरास व्हनार तो मला व्हनार, तुज्या सरांना न्हाई. नाव घाल. बापाचं घाल, नवऱ्याचं घाल, गावाचं घाल. पुरं."

मी घातलं. पुरं. पान पुन्हा छापून आणलं, त्यांनी ते स्वतः बोट ठेवून वाचलं आणि मग दोरा ओवला. शेवटी पुठ्ठ्यावर शब्द लिहायची वेळ आली तेव्हा पेन्सिल माझ्या हातात दिली. "तूच लिही." नाव लपवायला मीच निघाले होते, म्हणून मी 'घाबरून' लिहिलं. त्यांनी वाचलं, मान डोलावली आणि वरून खळ फासली.

तोंडी परीक्षा नीट झाली. कुणी काही वेडंवाकडं विचारलं नाही, उलट बाहेरच्या परीक्षकांना ते साठ वर्षांत परत उभं राहिलेलं रान फार आवडलं. एवढ्यावर सगळं मिटलं असतं. इंग्रजी प्रबंध कपाटात जाऊन पडला असता आणि देवराईच्या गावी त्याचा वारासुद्धा लागला नसता. पण काकी गप्प बसणाऱ्यांपैकी नव्हत्या. "विंग्रजीत लिवलंस ते कोन वाचनार? माज्या गावाला कळंल आसं लिही." तेव्हा मी एका दैनिकाच्या रविवार पुरवणीत मराठीत लेख लिहिला. छापायला देण्याआधी त्यांना वाचून दाखवला. वडिलांचं नाव गाळू का म्हटलं, तर एक शब्द त्यांनी बदलू दिला नाही.

लेख आला त्याच्या तिसऱ्या दिवशी त्यांचा भाऊ आला, मला देवराई फिरवून दाखवणारा तोच. मी दुकानातच होते. साठीच्या आसपासचा माणूस, स्वच्छ पांढरा सदरा, हातात ते वर्तमानपत्राचं पान. पाणी घेतलं नाही. माझ्याकडे बघितलंही नाही.

"आक्का, हे काय केलंस? गावात तोंड दाखवायची सोय ठेवली न्हाईस. बापाचं नाव काढलंस पेपरात."

"खरं हाय ते."

"आसंल खरं. न्हाई तर नसंल. मी काय बघितलंय? आता येवढंच कर, लिहून दे. मी आसं काय बोलले न्हाई, ह्या पोरीनं मनचं लिवलं म्हून. मी पेपरवाल्याला न्हेऊन देतो. तुज्यावर बी काय येत न्हाई."

माझ्याकडे कोळसा होता, नकाशा होता, पण तोडलं कुणी आणि का, याला काकींच्या शब्दाखेरीज दुसरा आधार नव्हता. त्यांनी तो काढून घेतला असता तर मी खोटारडी ठरले असते, आणि भावासाठी बहिणीने तेवढं केलं असतं तर तिला कोण दोष देणार होतं? हा त्यांचा एकुलता भाऊ. वर्षातून दोनदा माहेरी जायच्या त्या, तेवढ्यासाठी लुगडं घडी करून ठेवायच्या.

काकींनी मशीनच्या तोंडातून एक कोरा कागद ओढला. पाटावर ठेवून, पेन्सिलीने, एकेक अक्षर दाबत लिहिलं. बराच वेळ लागला. भाऊ उभाच होता. मग कागद त्याच्यापुढे धरला. "वाच. मोठ्यांदा वाच."

त्याला वाटलं, झालं आपलं काम. वाचायला लागला.

"'देवराई माज्या बापानं तोडली. गोन्या मी भरल्या. त्या साली माजा भाऊ चार म्हैन्याचा व्हता. आईला दूध न्हवतं. तो रडायचा बी थांबला व्हता. कोळसा गेला तवा घरात शेळी आली. त्या शेळीच्या दुदावर...'"

तिथे तो थांबला. पुढची ओळ त्याने मनातच वाचली असावी, कारण त्याचे ओठ हलत होते. खाली काकींची सही होती, पूर्ण नावाची.

"हे मला कुनी सांगितलं न्हाई," तो म्हणाला.

"सांगायचं न्हाई आसं ठरलं व्हतं," काकी म्हणाल्या. "घिऊन जा. दे पेपरवाल्याला."

कागद न्यायचा का ठेवायचा हे कळेना अशा तऱ्हेने त्याने तो दोनदा दुमडला, दोनदा उलगडला, आणि पाटावर ठेवून तो निघून गेला.

त्या दिवाळीला भाऊबीजेचं बोलावणं आलं नाही. त्यानंतरच्या दिवाळीलाही नाही. देवाच्या जत्रेला गावाने काकींच्या माहेरच्या घराचं नाव वगळलं. फलक अजून तसाच आहे, कधीही कुऱ्हाड न लागलेली. मला पुढे पुण्यातच नोकरी मिळाली, पण भाऊबीजेच्या दिवशी मी लवळ्याला जायचे. काकी नेहमीसारख्या पाटावर बसलेल्या असायच्या. दिवाळीत कोण प्रबंध घेऊन येणार? दाभण नुसतं हातात.

तिसऱ्या वर्षी मला राहवलं नाही. विचारलं, "काकी, वाईट वाटतं का हो? उगाच सांगितलं असं वाटतं का?"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. डोळे लाल होते, सकाळपासून रडल्या असाव्यात. लपवायचा त्यांनी काडीचाही प्रयत्न केला नाही.

"वाटतं की. लई वाईट वाटतं. रोज रडते मी," त्या म्हणाल्या. "म्हून काय झालं? रडत रडत खरं सांगता येत न्हाई व्हय?"